फिंटनचा एकच फटका

मंदी आली तेव्हा डब्लिनच्या दक्षिण किनाऱ्यावरचे लोक गरीब झाले नाहीत. गरीब होणं त्यांच्या रीतीतच बसत नव्हतं. दुसरी मोटार विकली की ते म्हणायचे, "चालणं बरं हो तब्येतीला." स्वस्त दुकानातले सॉसेज महागड्या दुकानाच्या जुन्या पिशवीतून घरी यायचे. पिशव्या झिजल्या, तेव्हा त्यांना आतून ठिगळं लावली. बडा घर पोकळ वासा, पण वाशाला रंग ताजा!

फिंटन टिअर्नी त्यातलाच. धंदा घरं विकण्याचा, आणि दीड वर्षात त्याने कोंबड्यांचं खुराडंसुद्धा विकलं नव्हतं. खिशात वीस युरोची एक नोट, आठवडाभरासाठी. पण पुढच्या महिन्यात तो किलमोरा गोल्फ क्लबचा कप्तान होणार होता. क्लबच्या दिवाणखान्यात कप्तानांच्या नावांच्या फळीवर आजोबांच्या आणि वडिलांच्या नावाखाली सोनेरी अक्षरांत त्याचं नाव लागणार होतं. तोवर झाकली मूठ झाकलेली राहायला हवी होती, बस्स!

आता त्या क्लबात एक जुना दंडक. ज्याचा चेंडू एकाच फटक्यात होलमध्ये जाईल, त्याने घंटा वाजवून हजर होणाऱ्या सगळ्यांना दारू पाजायची. बरकतीच्या दिवसांत लोक त्यासाठी नवस बोलायचे. एका फटक्याच्या टप्प्यातला होल म्हणजे सातवा; मंदी आल्यापासून मात्र त्याच्या झेंड्याकडे कुणी चुकूनही नेम धरीना. कुणी झुडपात मारी, कुणी वाळूत. झेंड्याभोवती सशांच्या तीन पिढ्या बिनघोर वाढल्या.

त्या शनिवारी सातव्या होलशी फिंटनने खबरदारी म्हणून चेंडू सरळ समुद्राकडे मारला. तो गेला डुबकीतून वर आलेल्या एका सीलच्या टाळक्यावर. सीलने मान झटकली. चेंडू उलटा फिरला, माळ्याच्या ट्रॅक्टरच्या गादीवरून उडाला, दोन ससे ओलांडून गेला आणि टुपकन होलमध्ये!

"गेला! आत गेला!" वकील लॉर्कन डिव्हेन किंचाळला. तीन महिन्यांत त्याने फुकटचा थेंब पाहिला नव्हता.

"नाही गेला!" फिंटन धावत सुटला. "काठावर आहे! ससा आहे तो!"

"ससा पांढरा आणि गोल असतो का रे?" दातांचा डॉक्टर किलियन रोश ओरडला. "लॉर्कन, तू घंटा वाजव! मी चेंडूवर बसतो!"

आणि खरंच बसला. फिंटन त्याला उठवायला गेला, तोवर क्लबची पितळी घंटा घणघणत होती.

मग माणसं किती आली म्हणता! मुंग्यांना गूळ कळावा तशी. वर्षापूर्वी पोर्तुगालला राहायला गेलेलं हेगार्टी कुटुंब समोरच्याच घराच्या बंद पडद्याआडून सपाता घालून धावत आलं. मरून दोन वर्षं झालेला एक जण आला असंही सांगतात, पण ते मी धरत नाही.

दीडशे माणसं. वीस युरो. फिंटनची पाचावर धारण बसली. क्लबच्या बारमागे म्हातारा मॅलेकी उभा होता. "काय भरू, टिअर्नीसाहेब?"

फिंटनची नजर फळीवरच्या वडिलांच्या नावावर गेली, मग समोरच्या तहानलेल्या तोंडांवर, आणि त्याच्या डोक्यात वीज चमकली. आयर्लंडमध्ये चोरी पचते, पण कुणाची दारू पिऊन उलट सगळ्यांना एक फेरी न पाजणारा पचत नाही.

"मंडळी!" तो खुर्चीवर चढला. "पहिली फेरी माझी! पण आपण काय फुकटे आहोत? दुसरी लॉर्कनची, तिसरी किलियनची, मग हेगार्टींची! मॅलेकी, फळा आण. जो पेला घेईल त्याचं नाव लिही."

मॅलेकीने फळा टेकवला आणि खडू उचलला.

"मला... साधं पाणीच दे," लॉर्कन म्हणाला. "गोळ्या चालू आहेत."

"मलाही पाणी. यकृत," किलियन म्हणाला.

"आम्ही पोर्तुगालला सोडली," हेगार्टीबाई म्हणाल्या.

बघता बघता दीडशे पेले नळाचं पाणी भरून झालं. फिंटनच्या जिवात जीव आला. तेवढ्यात मागून काठी आपटली. क्लबच्या पहिल्या बाई-कप्तान, ब्याऐंशी वर्षांच्या ऑनर प्लंकेट.

"मला ब्रँडी. मोठी."

"बाई, मग पुढची फेरी तुमची," फिंटन चाचरला.

"कुठली रे बाळा? माझं घर बँकेने मार्चमध्ये नेलं. मी बहिणीच्या गॅरेजमध्ये झोपते, गवत कापायच्या यंत्राशेजारी. लिही रे मॅलेकी: प्लंकेट, कफल्लक. आणि ब्रँडी आण, घसा सुकलाय."

मॅलेकीने लिहिलं. फिंटन खुर्चीवरून उतरला. भिंतीवरची सोनेरी फळी त्याने एकदा डोळे भरून पाहिली. मग वीसची नोट बारवर ठेवली, मॅलेकीच्या हातातला खडू घेतला आणि बाईंच्या नावाखाली मोठ्या अक्षरांत लिहिलं: टिअर्नी, कफल्लक.

"दोन ब्रँडी," तो म्हणाला.

बाईंनी पेला उचलला. मागे पाण्याचे पेले टेबलांवर आदळू लागले, खुर्च्या सरकल्या.

"ए, ढकलू नका!" लॉर्कन ओरडला. "खडू आधी मी मागितला होता!"