एक बोट सैल

‘तब्येत बरी आहे’ असं आमच्या कामात लिहायची सोय नाही.

शेवटच्या आजारातल्या माणसांच्या घरी जाणारी नर्स मी. औषधाने आता फार काही होणार नाही असं डॉक्टरांनी सांगितलं, की माझी फेरी सुरू. दुखणं कमी करायचं, पाठ पुसायची, घरच्यांना धीर द्यायचा आणि निघण्याआधी सगळं टॅबवर भरायचं. मागच्या वेळेपेक्षा काय कमी झालं ते. जेवण कमी, चालणं कमी, दंडाचा घेर कमी. नुसतं ‘अशक्त’ लिहिलं की ऑफिसातून मोठ्या बाईंचा फोन आलाच, "अशक्त म्हणजे काय डोंबल? मापून लिही." आणि लागोपाठ दोन तपासण्यांत काहीच कमी झालं नाही, तर नाव बंद. ज्याची गरज जास्त, त्याच्याकडे जायचं. नियम बरोबरच आहे हो, मी त्याच्या नावानं बोटं मोडत नाही.

मंगळवारी मास्तर असायचे. जन्मभर शिवणकाम केलेले, आता हृदय थकलेलं. वरच्या मजल्यावर एक खोली, खिडकीशी चादरीने झाकलेलं शिलाई मशीन. खाली पुतण्या राहतो. तो डबा आणून ठेवतो, दारातूनच "काका, ठीक ना?" विचारतो आणि उत्तर यायच्या आत जिना उतरलेला असतो. वाईट नाही बिचारा, कामात असतो.

पहिल्याच भेटीत मी टेप काढली, तर यांनी ती माझ्या हातातून ओढून घेतली. "सिस्टर, टेप अशी धरतात होय? साऱ्या गावाची मापं घेतली मी, माझं मीच घेतो." दंडाभोवती टेप फिरवून खाली एक बोट घातलं आणि आकडा वाचला. "एक बोट सैल ठेवायचं. नाहीतर कपड्यात माणूस घुसमटतो." मी म्हटलं, ठेवा बाबा. दर वेळी सारखंच मापलं म्हणजे फरक कळतो, तेवढं पुरे. तेव्हापासून मी बोटासकट माप लिहीत आले.

मागच्या तपासणीत फरक नव्हता. त्या मंगळवारी दुसरी होती. सकाळीच मोठ्या बाई म्हणाल्या, "आज मास्तरांचं काय ते ठरव ग. एक बाई थांबल्यात, दुखण्याने तळमळतायत. लेक फोनवर रडत होती."

मी गेले तर मास्तर गळ्यापर्यंत पांघरूण ओढून पडलेले. आवाज अगदी खोल गेलेला. "दोन घासही उतरले नाहीत, सिस्टर."

डबा तर धुऊन खिडकीत पालथा घातलेला होता. त्यांनी टेप घेतली, दंडाला गुंडाळली आणि आकडा दाखवला. चांगलाच कमी. कमी कसला, टेपच्या दोन्ही बाजूंनी कातडी फुगली होती!

"मास्तर, बोट कुठंय?"

"कुठलं बोट?"

"खोटं बोल पण रेटून बोल, होय?"

त्यांनी टेप सोडली. दंडावर लाल वळ उठला होता. "हात दाखवून अवलक्षण," ते पुटपुटले.

मला असा राग आला! "अहो, लोक माझ्याकडे एक दिवस वाढवून मागतात, आणि तुम्ही चांगलं शरीर आवळत बसलाय?"

"मंगळवारी दार वाजतं, सिस्टर," ते म्हणाले. "पुतण्या काही दार वाजवत नाही, ढकलून येतो न् जातो. तुम्ही वाजवता, मग मी ‘या’ म्हणतो. आठवड्यात तेवढंच एकदा म्हणतो."

माझ्या घराचं दार मंगळवारीही वाजत नाही. कुलूप मीच लावते, मीच काढते.

टॅबवर ‘इतर’ म्हणून एक चौकोन असतो. त्यात मी लिहिलं, ‘बोलायला कोणी नाही.’ आणि मोठ्या बाईंना फोन लावला. त्या म्हणाल्या, "मला कळतंय ग. पण हे लक्षणात बसत नाही. दंड सांग."

मी टेप फिरवली, खाली माझं बोट घातलं. मागचाच आकडा. त्या रडणाऱ्या लेकीला डोळ्यांसमोर आणलं आणि लिहिलं, ‘फरक नाही.’

मास्तरांनी टॅबच्या काचेवर बोटाने सही केली. "मी बरा झालो म्हणायचा. अभिनंदन तरी करा."

मी पिशवी भरायला लागले. तेवढ्यात ते उठून मागे आले. "सरळ उभ्या राहा. हा कोट कुणी शिवला? खांदे कुठं आणि तुम्ही कुठं! कपाटात एक कापड पडलंय." त्यांनी माझ्या पाठीवर टेप लावली. मी दिवसभर माणसांना उचलते, कुशीवर वळवते, पुसते. मला कुणी हात लावून किती काळ लोटला होता, ते त्या क्षणी कळलं.

"रविवारी ट्रायलला या," मास्तर म्हणाले.

पहिल्या ट्रायलला कोट काखेत खरोखरच ओढत होता. दम खात खात त्यांनी तो उसवला. दुसऱ्या रविवारी मी दार वाजवलं, आतून "या" आलं. केस नीट विंचरलेले, मशीनवरची चादर घडी करून ठेवलेली.

कोट असा बसला की काय सांगू! उभ्या जन्मात मला असा कपडा बसला नव्हता. मास्तरांनी चारी बाजूंनी बघितलं आणि त्यांचा चेहरा पडला. आता फक्त बटणं लावायची राहिली होती.

"कसा वाटतोय?" त्यांनी हळूच विचारलं.

नोंदीत मी कधी खोटं लिहिलं नाही, लिहिणारही नाही. पण रविवारी टॅब माझ्याकडे नसतो.

"काखेत ओढतोय हो, मास्तर."

त्यांनी काखेच्या शिवणीत बोट घातलं. ते आत अगदी आरामात फिरलं. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मी खिडकीकडे.

"ओढतोय खरा," ते म्हणाले. "काढा, उसवतो. पुढच्या रविवारी या."