उलटा धरलेला क्लॅप

मित्रांनो, मी एक जुना क्लॅप आहे. शूटिंगमध्ये ज्याच्यावर शॉटचा आकडा लिहून 'ठक्' वाजवतात ना, तोच मी. सगळं आयुष्य वाजण्यात गेलं, पण काय चाललंय हे मला कधी धड कळलं नाही. शेवटचा प्रसंग पहिल्याच दिवशी घेतात. सकाळी मेलेले आजोबा दुपारी चहा पीत बसतात. विचार करून करून डोक्याचं भजं होतं.

माझी मालकीण स्वतःच सिनेमा लिहिते आणि स्वतःच दिग्दर्शन करते. पाठीशी ना कुठली कंपनी, ना कुणी बडं माणूस. तिच्या पहिल्या दोन सिनेमांचं कौतुक भरपूर झालं, पण बघायला आली चार टाळकी. तिसऱ्यात तिनं वडिलांची भूमिका आपल्या बाबांनाच दिली. बाबांना विसर पडायला लागला होता. ते पुरते हरवायच्या आत त्यांचं बोलणं जपून ठेवायचं, एवढाच तिचा ध्यास होता.

क्लॅप द्यायला घरचीच वहिनी. त्या दिवशी स्वयंपाकघरातला प्रसंग होता. "दार लावून घे," एवढंच वाक्य, पण बाबांना काही केल्या आठवेना. मी आठ वेळा वाजलो. मग मालकीण त्यांच्या शर्टाचं बटण लावायला वाकली, तर बाबा आपणहून म्हणाले, "चिमे, जेवलीस का गं?" कित्येक महिन्यांनी त्यांनी लेकीला ओळखलं होतं. नशिबानं कॅमेरा चालू होता. सगळे जागच्या जागी थांबले. बोलणं संपल्यावर वहिनीनं मला उलटा धरून वाजवलं. मला वाटलं, माझंच काहीतरी चुकलं.

दुसऱ्या दिवशी बाबांनी लेकीला विचारलं, "आपण कोण?"

पुढे संकलनाच्या वेळी तो शॉट सापडेना. संकलक नवखा होता. असा शॉटच नाही, असं तो ठामपणे सांगत होता. दोन दिवस शोधून ती रडकुंडीला आली. डबा घेऊन आलेल्या वहिनीला पडद्यावर मी दिसलो, उलटा. याच्या आधीचं कुठे आहे, असं तिनं विचारलं.

"ते रद्दमध्ये टाकलं," तो म्हणाला. "मला वाटलं, तुम्ही घरच्या, चुकून उलटा धरलात."

"अहो, उलटा क्लॅप म्हणजे शॉट आधीच होऊन गेलाय."

त्यानं जीभ चावली. रद्दमधून बाबा परत आले.

पहिल्या खेळाला मालकिणीनं मला पिशवीत घालून नेलं. बाबा तिच्या शेजारीच बसले होते. दिवे लागल्यावर ते तिला म्हणाले, "त्या मुलीचे वडील फार मायेनं बोलले हो. कोण होते?"

"माझे बाबा," ती म्हणाली.

"नशीबवान आहात," बाबा म्हणाले. ती हसली आणि रडलीही. यातलं खरं कुठलं, हे मला अजून उमगलेलं नाही.

आता मी कपाटावर धूळ खात पडलोय. त्याचं एवढं काही नाही. पण मित्रांनो, घरातलं कुणी आपणहून बोलायला लागलं, तर आधी ऐकून घ्या. मला काय, मागाहून वाजवलं तरी चालतं.