न ऐकलेली भिंत

त्या गावात माणूस मेला की त्याचं शेवटचं बोलणं उशाशेजारच्या भिंतीत उतरायचं. घरच्यांनी रोज सकाळी गिलाव्याला कान लावायचा, नाहीतर आवाज शिळा होतो, असा रिवाज होता. एवढं करूनही आवाज वर्षा-दोन वर्षांत पुसट व्हायचे. मग दोष कधी ओलीचा, कधी गवंड्याचा आणि कुणीच सापडलं नाही तर सुनेचा.

ऐकण्यानेच आवाज झिजतो, हे पहिल्यांदा म्हणाली ती भिंतीवाली. हे नाव गावाने ठेवलेलं. शाळेत शिकवायची आणि सुट्टीच्या दिवशी एक नळी घेऊन घरोघरच्या भिंती तपासायची. परगावी गेलेल्या एका कुटुंबाच्या बंद घरात तिला आजोबांचा आवाज खणखणीत सापडला. शेजारी, जिथे सगळं घर भक्तिभावाने कान लावत होतं, तिथे नुसती घरघर. तिने हे चारचौघांत सांगितलं आणि मोहोळावर दगड बसला.

"म्हणजे आमच्या आईला आम्हीच पुसलं?" एका बाईने विचारलं.

शहाण्या माणसाने इथे खोकून वेळ मारून नेली असती. ही सरळ हो म्हणाली. त्यानंतर तिला कुणी दारात उभं करेना, मग पुराव्यासाठी भिंत कोण देणार?

पुढे तिचाच नवरा तापाने गेला. ती औषध आणायला गेली होती. परत आली तोवर सगळं आटोपलं होतं. शेवटी तो काय बोलला, ते त्या भिंतीलाच ठाऊक. तिने खोलीला कुलूप लावलं.

"दगडाच्या काळजाची आहेस," थोरली नणंद म्हणाली. तिने या भावाला अंगाखांद्यावर वाढवलं होतं.

"ताई, एकदा हे सिद्ध झालं की पुढे कुणाचं माणूस असं पुसलं जाणार नाही."

"लोकांचं नाही पुसलं जाणार. आपलं काय?"

कितीदा तिने कुलपात किल्ली घातली आणि तशीच काढून घेतली. नवरा तिलाही हवाच होता.

पत्रांवर पत्रं लिहून बोटं झिजली, तेव्हा कुठे विद्यापीठाचे परीक्षक आले. त्यांची अट साधी होती. घरच्यांनी भिंतीला शिवायचं नाही आणि परीक्षकांनी आवाज पूर्ण मिटेपर्यंत पाळीपाळीने अखंड ऐकायचं. तिने मान्य केलं. आपल्याला ऐकता नाही आलं तरी त्यांना विचारता येईल, या आशेवर तिने नणंदेलाही राजी केलं. दोघी स्वयंपाकघरात एकमेकींकडे न बघता बसून राहिल्या.

संध्याकाळी तिला बाहेर बोलावलं. "बाई, तुमचं म्हणणं खरं ठरलं," म्हातारे परीक्षक म्हणाले. "सुरुवातीला आवाज स्वच्छ होता, आता भिंत कोरी आहे. उद्या हा नियम शाळाशाळांत शिकवला जाईल."

"काय म्हणाले ते?"

परीक्षकांनी सहकाऱ्यांकडे पाहिलं.

"बाई, आम्ही तुमच्याच पद्धतीने ऐकलं. शब्दांकडे लक्ष गेलं की मोजणी चुकते, फक्त आवाजाची धार पाहायची, असं तुम्हीच लिहिलंय ना? शब्द आम्ही ध्यानात घेतलेच नाहीत."

तिनेच लिहिलं होतं. गावातल्या इतक्या भिंती तिनेही तशाच ऐकल्या होत्या आणि त्यातलं एक वाक्य तिला आज आठवत नव्हतं. तिने परीक्षकांचे आभार मानले आणि त्यांना दारापर्यंत पोचवलं.

ते गेल्यावर नणंद धावतच बाहेर आली. "काय म्हणाला गं माझा भाऊ?"

सबंध गावाशी वैर पत्करूनही कधी खोटं न बोललेली बाई म्हणाली, "तुमचीच आठवण काढली, ताई. ताईला सांभाळ, म्हणाले."

नणंद रडता रडता हसली. मग तिने भावजयीचा हात घट्ट धरला. "आणि तुझ्यासाठी?"

दुसरं खोटं तिला जमेना.

"माझ्यासाठी काही नव्हतं," ती म्हणाली.