नव्या पुस्तकातलं एकशे बारा

आमच्या ह्यांना चर्चच्या मंडळीत सगळे शाईभाऊ म्हणतात. नखांतली शाई लग्नाच्या दिवशीही गेली नव्हती, म्हणून. परदेशी आल्यावर एका मोठ्या छापखान्यात मशीनवर लागले आणि वर्षानुवर्षं दुसऱ्यांची पुस्तकं छापत राहिले. मग एक दिवस घरी येऊन म्हणाले, "नोकरी सोडली! आता आपल्या भाषेत छापायचं. पहिलं आपलं गीतपुस्तक."

मी मटकन खाली बसले. सासूबाई मात्र ताडकन उठल्या. "हातचं सोडून पळत्याच्या पाठी! तुझ्या पुस्तकाला मी हात लावणार नाही. उद्या जाऊन साहेबाचे पाय धर."

पण ह्यांच्या अंगात वारं शिरलं होतं. शिंप्याच्या दुकानामागची खोली भाड्याने घेतली. मंडळीतली जुनी गीतपुस्तकं चिकटपट्टीच्या जिवावर तग धरून होती. ह्यांनी एकेक गीत मोठ्या अक्षरात नव्याने जुळवलं. आम्हाला मात्र पानही दाखवेनात. "रविवारीच बघा!" जेवायला बसले तरी पाय नाचत असायचे. खोटं कशाला बोलू, कोऱ्या कागदाचा वास यायला लागल्यापासून मलाही जेवण सुचेना.

मंडळीच्या पंचांनी अट घातली होती. एका उपासनेत वापरून बघू. पटलं तर घरटी एक घेऊ, नाहीतर खोकी जशीच्या तशी परत.

रविवारी हॉल भरला. त्या दिवशी नव्या जोडप्याला आशीर्वाद द्यायचा होता. पाळकांनी सवयीने पुकारलं, "एकशे बारा!" पेटीमास्तरांनी सूर धरला, आणि काय सांगू! म्हातारी मंडळी पुस्तकात बघतात कुठे? त्यांनी पाठ असलेलं लग्नाचं गीत उचललं. तरुणांनी नव्या पुस्तकातलं एकशे बारा उघडलं आणि जे दिसलं ते ओढूनताणून त्याच चालीत बसवलं. ते निघालं मातीआड करतानाचं. नवरी कावरीबावरी झाली. पेटी थांबली.

ह्यांनी गीतं अकारविल्हे लावली होती. छापखान्याची शिस्त! रविवारचीच ड्युटी करत आलेल्या, उपासनेला क्वचितच बसलेल्या माणसाला कसं ठाऊक असणार, की आमच्यात गीत नावाने कुणी मागत नाही. आजाऱ्याजवळ बसलं की 'चाळीस म्हणा', निरोप द्यायचा तर 'दोनशे तीन'.

हे उभे राहिले, चेहरा पांढराफटक. "चुकलं माझं. द्या सगळी परत." खोकं घेऊन रांगेत शिरलेसुद्धा.

तेवढ्यात मागच्या रांगेतून आमच्या मंडळीतल्या नर्सबाई ओरडल्या, "थांबा हो! पेन्सिल आहे का कुणाकडे? आपलं एकशे बारा कितीवर गेलं?"

"एकोणीसवर!"

"आणि चाळीस?"

मग जी झुंबड उडाली! या रांगेतून त्या रांगेत आकडे उडायला लागले. पाळकही प्रवचन विसरून गुडघ्यावर पुस्तक ठेवून लिहीत होते. ह्यांनी नवरीपुढे खोकं धरलं, तर तिने पुस्तक पाठीमागे लपवलं. "लिहिलेलं कसं परत घ्याल, शाईभाऊ? हे आता आमचं."

मी चक्क टाळ्या पिटल्या. देवाच्या घरात! हे त्या रिकाम्या खोक्यावरच बसले.

काठी टेकत सासूबाई पुढे आल्या. "दे एक."

"आई, तू तर हात लावणार नव्हतीस."

"लावते. आधी माझा आकडा घाल त्यात."

ह्यांनी एकोणीसच्या शेजारी एकशे बारा लिहिलं. सासूबाईंनी पान डोळ्यांजवळ नेलं, मग हळूहळू लांब धरलं. त्या नेहमी डोळे मिटून गायच्या. पाठ आहे म्हणून, असं आम्ही समजत होतो.

"अरे, दिसतंय मला!" हॉलभर आवाज घुमला. "साहेबाकडे जाऊ नकोस."

पाळकांनी पुन्हा पुकारलं, "एकोणीस! म्हणजे एकशे बारा!" सगळ्यांनी एकच गीत म्हटलं. सासूबाई पुस्तकात बघून म्हणत होत्या.