पुतळीची चूल

वनरक्षकांनी अतिक्रमण ठरवून जाळलेले पुतळीचे घर मुंबईचे चित्रकार सबनीस यांनी १९६४ साली नंदिगड्डा या रानातल्या गावी त्याच जागी, तिच्याच आठवणीवरून हुबेहूब उभारले. हेतू उदात्त होता: ते पुन्हा जाळायचे आणि स्मृतीवर चित्रपट काढायचा.

चित्रीकरणाच्या सकाळी पुतळी आत चूल पेटवून बसली.

“पुतळीबाई, हे घर खोटं आहे. बाहेर या.”

“चूल पेटली न्हवं, सायबा? मग घर खोटं कसं?”

सबनिसांनी कॅमेरा सुरू करवला आणि स्वतः पलिता छपराकडे नेला. दारातून धावून आलेल्या पुतळीच्या कोयत्याने पलित्यासकट त्यांचा हात मनगटापासून खाली पाडला.

पुतळी तुरुंगात आहे. घर वाचले; सबनिसांनी ते चुलीसकट सुटे करून मुंबईच्या कलादालनात मांडले. तिथे पाटी आहे: चुलीला हात लावू नये.