जीभ काढणारा बैल

मित्रांनो, मी एक जुना लाकडी बैल आहे. माझ्या खांद्यावर कधी जू आलं नाही आणि शेतातलं ढेकूळही मी कधी तुडवलं नाही. माझं सारं आयुष्य वडवणीच्या आठवडी बाजारात, भज्यांच्या कढईवर लटकण्यात गेलं.

तेव्हा आपल्या मुलखात निजामाचं राज्य होतं. आश्रुबा नावाचा एक उंच, हसरा माणूस बाजारात कापडाचं पाल ठोकून कांदाभजी तळायचा. सगळे त्याला आप्पा म्हणत. एकदा खाल्लेला माणूस पुन्हा त्याचीच भजी शोधत यायचा, पण सगळी पालं सारखीच. बिचारा शेजारच्याकडे जाऊन बसायचा आणि चव बिघडली म्हणून आप्पालाच नावं ठेवायचा.

“पाटी लावा की, आप्पा,” त्यांची लेक सत्यभामा म्हणाली. ती गावातच दिलेली होती. बाजारच्या दिवशी बापाच्या मदतीला यायची.

“उर्दूत लिवली तर तहसीलदाराला कळंल, मोडीत लिवली तर पटवाऱ्याला. भजी खाणाऱ्यानं काय करावं?”

मग बंकट सुताराने कडुलिंबाच्या फळीतून मला कापलं. सत्यभामेने अंगाला गेरू दिला, टपोरे डोळे काढले. त्या दिवसापासून लोक ‘बैलाची भजी’ विचारत थेट आमच्याकडे येऊ लागले. मला तर शिंगं फुटल्यासारखंच झालं. ती आधीच होती, ही गोष्ट वेगळी!

पोळा आला. घरच्या बैलांबरोबर आप्पांनी माझीही शिंगं लालभडक हिंगुळाने रंगवली, गळ्यात माळ घातली. इथेच घोटाळा झाला. पुढच्या बाजारी चतुराबाई नावाची म्हातारी पालासमोर थबकली. तिने पायातल्या वहाणा काढल्या, माझ्या कपाळाला कुंकू लावलं आणि हात जोडले.

“नंदी हाय ह्यो महादेवाचा! आन् कावून रं आश्रुबा, देवाम्होरं कांदा तळतूस? त्यो बी चातुर्मासात?”

“काकू, फळीचा बैल हाय त्यो.”

“दगडाचा देव असतो, मग फळीचा कावून नसंल?”

तिचं पाहून आणखी चार जणींनी कुंकू लावलं. पुढच्या बाजारी समोर वहाणांची रांग लागली, पण आत कुणी बसेना. देवापुढे कांदा कोण खाणार? जो तो हात पुढे करून प्रसाद मागू लागला. कढईतलं तेल तसंच थंड झालं. शेजारचा भजीवाला हसत म्हणाला, “आप्पा, आता घंटा बांधा!”

आप्पांचं घर त्या कढईवर चालत होतं. मला उतरवावं, तर कुंकू लागलेली वस्तू चुलीत घालता येत नाही, उकिरड्यावर टाकता येत नाही. “नदीत सोडा,” चतुराबाई म्हणाली. आप्पांनी मला खाली काढलं आणि पदराआड बाळ धरावं तसं धोतराच्या सोग्यात धरलं. मित्रांनो, लाकूड तरंगतं हे मला ठाऊक होतं, तरी मी घाबरलो.

“थांबा, आप्पा,” सत्यभामा म्हणाली. “काकू, महादेवाचा नंदी कांदा खाईल का?”

“न्हाई गं बाई! शिव शिव!”

“ह्यो खातो.”

तिने हिंगुळात बोट बुडवलं आणि माझ्या तोंडातून एक लांबलचक जीभ बाहेर काढली. जिभेच्या टोकावर हळदीने एक गोल भजं काढलं. मी आशाळभूतासारखा त्या भज्याकडे बघू लागलो.

मग चतुराबाईच्या पोटातून हसू वर आलं. “अगं बया! ह्यो तर लई खादाड हाय!” तिने आपल्या पदराने माझं कुंकू पुसलं आणि वहाणा पायात घातल्या. “मिरचीची भजी दे रं आश्रुबा. माझा कांदा बंद हाय, भूक न्हाई.”

त्यानंतर बाजारातलं प्रत्येक पोर मला जीभ काढून दाखवायचं. घरी नेण्याच्या पळसाच्या द्रोणावर सत्यभामा बाहेरून माझ्या जिभेसारखं हिंगुळाचं एक बोट ओढायची. तेवढ्यावर गावोगाव कळायचं, ही भजी कुणाची.

अशी काही वर्षं गेली. एका हिवाळ्यात आप्पा गेले. सत्यभामेने मला त्यांच्या रुमालात गुंडाळून फडताळात ठेवलं. फार जपून ठेवलं. त्या अंधारात मला भुंगा लागला.

एके दिवशी तिने रुमाल सोडला. माझ्या अंगातून पिठासारखा भुगा गळाला. मग तिने मला उन्हात ठेवलं, तेल चोळलं, जीभ पुन्हा रंगवली आणि बाजारात जाऊन एकटीने पाल ठोकलं.

पहिला घाणा चतुराबाईने खाल्ला. चावता चावता म्हणाली, “आश्रुबाच्या हातची चव न्हाई गं, पोरी.”

सत्यभामेचा झारा थांबला.

म्हातारीने रिकामा द्रोण पुढे केला. “आनखी घाल.”

मित्रांनो, तुमच्या घरीही कुणाच्या तरी हातची एखादी वस्तू असेल. तिला बांधून ठेवू नका. ऊन दाखवा, तेल लावा, कामाला लावा. आणि कधी वडवणीच्या बाजारात आलात, तर मला जीभ दाखवायला विसरू नका. माझी बाहेरच आहे.