गुरुवारी दुपारी एक वाजता

मित्रांनो, मी एक जुनी हार्ड डिस्क आहे. आकाराने पत्त्यांच्या कॅटाएवढी, रंगाने काळी. तळवड्याच्या एका लहानशा वर्कशॉपच्या ऑफिसात, कॉम्प्युटरच्या कडेला माझा मुक्काम असतो. माझ्या एका कोपऱ्यावर कुंकवाचं वेडंवाकडं बोट उमटलेलं आहे. त्याआधीही मला एकदा कुंकू लागलं होतं, पण ते मी फुकट घेतलं होतं. आज तेही लपवत नाही.

वर्कशॉप अर्जुनरावांचं. वेल्डिंग करताना गाडीचे सुटे भाग हलू नयेत म्हणून त्यांना घट्ट धरून ठेवणारी लोखंडी चौकट लागते, तिला फिक्स्चर म्हणतात. तीस वर्षं अर्जुनरावांनी चाकणच्या कारखान्यांसाठी तीच घडवली. त्यांची ड्रॉइंग पेन्सिलीने काढलेली, वह्या तेलाने काळवंडलेल्या. त्यातले आकडे फक्त त्यांनाच लागत.

आणि त्यांच्या डोळ्यांत काचबिंदू उतरला. उरलीसुरली नजर जायच्या आत सगळं कॉम्प्युटरवर उतरवायचं ठरलं. मग रोज अर्जुनराव वही नाकाशी धरून सांगत आणि त्यांची मुलगी करिष्मा ड्रॉइंग काढी. मध्येच ते म्हणत, "हे वहीत नाही, माझ्या डोक्यात आहे. घे लिहून."

हे सारं जपायला मला आणलं. अर्जुनरावांचा भाचा प्रज्वल रावेतला राहतो, आयटीत नोकरी करतो. त्याने पहिली प्रत स्वतः माझ्यात उतरवली आणि पुढच्या कामासाठी कॉम्प्युटरमधला टास्क शेड्युलर लावून दिला. तो गजरासारखा असतो, ठरल्या वेळी ठरलेलं काम आपोआप सुरू करतो. प्रज्वलने विचारलं, "कॉम्प्युटर मोकळा कधी असतो?" करिष्मा म्हणाली, "गुरुवारी. आपल्या कारखान्यांच्या पट्ट्यात सुट्टी ना." झालं, दर गुरुवारी दुपारी एकची वेळ ठरली.

"मामा, आता निर्धास्त राहा," प्रज्वल म्हणाला.

मित्रांनो, तो गुरुवार कधी उजाडलाच नाही! बुधवारी संध्याकाळी झाडलोट करून जाताना शालनबाई मेन स्विच बंद करत. गुरुवारी एक वाजता कॉम्प्युटरही झोपलेला आणि मीही. वेळ चुकली तर मशीन सुरू होताच काम उरक, अशी एक खूण शेड्युलरमध्ये करता येते. ती करायची राहिली होती. खंडेनवमीला लेथ आणि ड्रिलच्या रांगेत मलाही झेंडूचं फूल वाहिलं, कुंकू लावलं. मी शरमेने अर्धी झाले. पण हार्ड डिस्कला तोंड कुठलं?

असे चौदा महिने गेले. अर्जुनरावांना आता फक्त माणसांचे आकार दिसत. एका शनिवारी कॉम्प्युटर किटकिट करू लागला म्हणून प्रज्वल आला.

"सगळं पुसून नव्यानं बसवतो. ड्रॉइंग हिच्यात आहेतच," तो माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला.

शालनबाई टेबल पुसत होत्या. त्या थांबल्या. "दादा, पहिला दिवस सोडला तर हिचा निळा दिवा लागल्याला मी कधी पाह्यला न्हाई."

"तो गुरुवारी लागतो, मावशी. तेव्हा तुम्ही नसता."

"आवो, पर बुधवारी जाताना मेन स्विच मीच पाडते. मग गुरुवारी ही चालती कशावर?"

प्रज्वलचा हात माऊसवरच राहिला. त्याने मला उघडून पाहिलं. माझ्यात एकच तारीख होती, पहिल्या दिवसाची; त्यानंतर काढलेलं एकही ड्रॉइंग नव्हतं.

"काय झालं रे?" अर्जुनरावांनी विचारलं. करिष्माने त्यांचा हात धरला. "बाबा, चूक झाली होती. पण अजून काही गेलेलं नाही."

प्रज्वलने लगेच प्रत घ्यायला सुरुवात केली. कॉम्प्युटर किटकिटत होता, अडत होता, पुन्हा चालत होता. अर्जुनराव माझ्यावर तळहात ठेवून बसले. "गरम होतेय," ते हळूच म्हणाले. "काम करतेय, मामा," प्रज्वल म्हणाला. संध्याकाळी पाचला शेवटचं ड्रॉइंग माझ्यात आलं. आठच दिवसांनी तो बिचारा कॉम्प्युटर कायमचा बंद पडला. जाण्याआधी माझ्या सोबत्याने जवळचं सगळं मला देऊन टाकलं होतं.

आता नव्या कॉम्प्युटरवर माझी वेळ बुधवारची, जेवणाच्या सुट्टीतली. राहिलेली खूणही केली आहे. शालनबाई डबा घेऊन समोर बसतात आणि ओरडतात, "अर्जुनदादा, लागला बरं का दिवा!" ते ऐकल्यावरच अर्जुनराव पहिला घास घेतात. त्यांची नजर आता पूर्ण गेली आहे. महिन्यातून एकदा करिष्मा माझ्यातलं एखादं ड्रॉइंग उघडून त्यांना मापं वाचून दाखवते. ते मान डोलवतात.

मित्रांनो, आमची पूजा जरूर करा, पण अधूनमधून आम्हाला उघडूनही पाहत जा. नुसत्या विश्वासाने आमच्यात काही साठत नाही.

गेल्या खंडेनवमीला अर्जुनरावांनी मला स्वतः चाचपडत कुंकू लावलं. मधोमध लागायचं ते कोपऱ्यावर गेलं. शालनबाई मला रोज पुसतात, पण तेवढा कोपरा सोडून.